बायलॉट बेटावर काय पाहावं, कसं पाहावं

बायलॉटला जायचं ठरवलंत, तर आधी लेमिंगची चौकशी करा. कॅनडाच्या नुनावुतमधलं हे बेट सुमारे ११ हजार चौरस किलोमीटरचं, पण वस्ती शून्य. खाडीपलीकडच्या पाँड इनलेट गावात विचारायचं: यंदा लेमिंग किती? उंदरासारखा हा मूठभर प्राणी उदंड झाला की हिमघुबडं अंडी घालतात, कोल्ह्यांचं त्याच्यावरच भागतं आणि स्नो गूज या पांढऱ्या हंसांची अंडी बरीचशी वाचतात. लेमिंग घटले की घुबडं घरटी करत नाहीत, कोल्हे अंड्यांवर उतरतात.

जूनपर्यंत गोठलेल्या समुद्रावरून स्नोमोबाइलने जाता येतं, साधारण जुलैअखेरीनंतर बोटीने. मधल्या काळात बर्फ फुटत असतो, तेव्हा निघूच नका. बेट सिर्मिलिक राष्ट्रीय उद्यानात येतं, म्हणून गावातल्या उद्यान कार्यालयात नोंदणी करावीच लागते.

मधले हिमनद्यांचे डोंगर देखणे आहेत, पण प्राणी पाहायचे तर नैर्ऋत्येचा सखल भाग गाठा. तिथे जमिनीवर बहुकोनी चौकटी दिसतील. थंडीने जमीन तडकते, फटीत वितळलेलं पाणी शिरून गोठतं, वर्षानुवर्षं बर्फाची पाचर जाडावत जाते आणि कडा वर उचलल्या जातात. मधल्या खोलगटात पाणी साचतं, गवत माजतं. हंसांचं चरणं तिथेच.

आता कोरड्या, वाळूच्या उंचवट्यांवर दुर्बीण फिरवा. आजूबाजूचं सगळं करडं आणि एकच टेकाड गर्द हिरवं दिसलं, तर ते बहुधा कोल्ह्याचं बीळ. पिढ्यान्‌पिढ्यांची विष्ठा आणि उरलेली हाडंपिसं यांचं खत तिथे पडलेलं असतं. लांब बसा, वाट बघा. मला या बेटावर याहून जिवंत जागा दुसरी वाटत नाही.

घुबडाच्या घरट्याभोवती हंसांची घरटीही शोधा. घुबड कोल्ह्याला हाकलतं, त्याचा आडोसा हंस घेतात. पण जूनमध्ये जवळ जाऊ नका, कळकळीने सांगतो. तुम्ही हंसाच्या मादीला उठवलंत की उघड्या अंड्यांवर कोल्हा टपलेलाच असतो.

केप हे आणि केप ग्रॅहम मूरच्या कड्यांवरचे मर हे समुद्रपक्षी बोटीतूनच पाहा. ऑगस्टमध्ये धड उडताही न येणारं पिल्लू कड्यावरून समुद्रात झेपावतं, आणि पुढे त्याला बाप सांभाळतो.

समुद्रातला बर्फ गेला की पांढरी अस्वलं किनाऱ्यावर येतात. स्वयंपाक तंबूपासून दूर करा, खाद्यपदार्थ तंबूत ठेवू नका, आणि इनुइट (तिथल्या मूळनिवासी) वाटाड्याशिवाय बेटावर उतरू नका.