काल्पनिक जगासाठी दुर्मीळ जादुई ग्रहण कसं रचावं

कादंबरीत ग्रहण आणायचं म्हटलं की बहुतेक जण आधी जादू ठरवतात. शाप उतरणार, बंद दार उघडणार, झोपलेला ड्रॅगन जागा होणार. मग ग्रहण नेमकं त्याच दिवशी लागतं, आणि हे लेखकाच्या सोयीसाठी चाललंय, हे वाचकाच्या लगेच लक्षात येतं. क्रम उलटा ठेवा. आधी ग्रहणाचं गणित मांडा, जादू त्यानंतर.

१. सूर्यग्रहण की चंद्रग्रहण?

हे पहिल्याच दिवशी ठरवा, कारण पुढचं बरंच काही यावर अवलंबून आहे. चंद्रग्रहण पौर्णिमेला होतं. जिथे जिथे रात्र आहे तिथे ते दिसतं, आणि खग्रास अवस्था तासाभराहून जास्त टिकू शकते. खग्रास सूर्यग्रहण मात्र अमावास्येला, जमिनीच्या एका अरुंद पट्ट्यातच दिसतं. पृथ्वीवर ती अवस्था जास्तीत जास्त साडेसात मिनिटांची, बहुतेकदा त्याहून बरीच कमी. लांबलचक विधी किंवा रात्रभराचा वेढा असेल तर चंद्रग्रहण घ्या. एकाच निर्णयावर सगळं टांगलेलं असेल तर सूर्यग्रहणच हवं. मला स्वतःला तेच आवडतं. घाई आपोआप येते. फक्त आदल्या रात्री नायक-नायिकेला टिपूर चांदण्यात भेटवू नका. दुसऱ्या दिवशी अमावास्या आहे.

२. दुर्मीळपणा गणितातून आणा

दर अमावास्येला ग्रहण का होत नाही? कारण चंद्राची कक्षा पृथ्वीच्या कक्षेशी सुमारे ५ अंशांनी कललेली आहे. दोन्ही पातळ्या जिथे छेदतात ते दोन बिंदू म्हणजे आपले राहू आणि केतू. अमावास्या त्यांच्या आसपास आली तरच सूर्यग्रहण. तुमच्या जगात हा कल वाढवला की ग्रहणं आपोआप विरळ होतात.

दोन चंद्र असतील तर आणखी मजा. समजा, राजधानीवरून पाहताना एक चंद्र दर ८ वर्षांनी सूर्य झाकतो आणि दुसरा दर २७ वर्षांनी. ८ आणि २७ यांना सामाईक अवयव नाही, म्हणून दोघं एकत्र येणार २१६ वर्षांनी. दुसऱ्याला २८ वर्षं दिलीत तर तेच अंतर ५६ वर गडगडतं, म्हणजे आजीने पाहिलेलं ग्रहण नातही पाहू शकते. दोन्हींत गोष्ट आहे, पण गोष्टी वेगळ्या आहेत. आकडा निवडताना एवढंच विचारा: मागचं ग्रहण पाहिलेलं कोणी जिवंत असायला हवं का?

तुलनेसाठी, पृथ्वीवर एकाच ठिकाणी पुन्हा खग्रास सूर्यग्रहण यायला सरासरी ३७५ वर्षं लागतात. पण पृथ्वीवर कुठे ना कुठे ते साधारण दीड वर्षात होतच असतं. म्हणजे दुर्मीळ असते ती जागा. दुसरं म्हणजे ग्रहणांचं सारोस चक्र, म्हणजे जवळपास तसंच ग्रहण पुन्हा यायला लागणारा काळ, १८ वर्षं, ११ दिवस आणि सुमारे ८ तासांचं आहे. या ८ तासांत पृथ्वी एक तृतीयांश फिरते आणि पुढचं ग्रहण तेवढंच पश्चिमेकडे सरकतं. दिवस अचूक सांगणारा, पण जागा चुकणारा राजज्योतिषी हवा असेल तर तो इथे तयारच आहे.

३. जादूला सावलीची हद्द द्या

माझ्या मते सगळ्यात उपयोगी नियम हाच. जादू सावलीतच चालते, बाहेर नाही. पृथ्वीवर हा पट्टा साधारण शे-दोनशे किलोमीटर रुंद असतो, म्हणून नकाशा काढून तो आखाच. कोणतं राज्य आत, कोणतं बाहेर, सीमेवरच्या गावाचं काय, यातूनच तंटे उभे राहतात. सावली जमिनीवरून ताशी किमान १,७०० किलोमीटरच्या आसपास धावते. घोड्याचा काही निभाव लागणार नाही. १९७३ मध्ये कॉनकॉर्ड विमानाने मात्र सावलीचा पाठलाग करून खग्रास अवस्था ७४ मिनिटं टिकवली होती. तुमच्या ड्रॅगनला तेवढा वेग देणार असाल तर त्याची किंमतही ठरवून ठेवा.

४. प्रसंग लिहिताना

अंधार झाला, एवढं लिहून सुटू नका. ग्रहण लागल्यावर बराच वेळ फारसं काही जाणवत नाही. सूर्याची कोर उरली की झाडाखाली पानांच्या फटींतून पडणारे उजेडाचे ठिपकेही कोरीसारखे होतात. सावल्यांच्या कडा विचित्र धारदार दिसतात, हवा गार पडते, पक्षी घरट्याकडे वळतात. अगदी शेवटी पांढऱ्या भिंतीवर फिकट लाटा सरकताना दिसू शकतात. मग चंद्राच्या दऱ्यांमधून सूर्यप्रकाशाचे मणी चमकतात, एकच मणी हिऱ्यासारखा उरतो, तोही विझतो आणि काळ्या चकतीभोवती प्रभामंडळ फुलतं. क्षितिजावर चारी दिशांना संध्याकाळचा रंग असतो.

या मण्यांचा उपयोग करून घ्या. ते चंद्राच्या कडेवरच्या चढउतारांमुळे दिसतात. तुमच्या चंद्रावर डोंगराएवढे बुरूज असतील, तर त्यांची रांग जमिनीवरून फक्त याच क्षणी ओळखू येईल.

५. नियम आधी दाखवून ठेवा

मोठ्या ग्रहणाच्या बऱ्याच आधी एक साधं खंडग्रास ग्रहण घाला. त्यात जादू अर्धवट चालू द्या: कुलूप अर्धं फिरून अडकतं, जखम वरून भरते आणि आतून तशीच राहते. असे दोन-तीन प्रसंग पुरतात. त्यानंतर खग्रास ग्रहणात काय होईल, हे समजावून सांगणारा म्हातारा गुरू तुम्हाला लागणार नाही. असलाच तर त्याला गप्प बसवा.