बाळ घरी यायच्या आधी काय काय काढून ठेवायचं

आठवा लागला की दुकानात पळू नका, आधी आईचं नाहीतर सासूबाईंचं कपाट उघडा. जुनी सुती लुगडी, धोतरं असतील त्यातून पंचवीसतीस लंगोट आणि दहाबारा दुपटी आरामात निघतात, दोनदा धुवून कडक उन्हात वाळवून ठेवा, आणि बाळ पावसाळ्यातलं असेल तर आणखी दहा करा कारण वाळतच नाहीत, आमच्याकडे हॉलमध्ये पंख्याखाली दोरी बांधलेली होती. झबली पुढून बंद बांधायची घ्या, डोक्यातून घालायची नकोत, मान धरलेली नसते तेव्हा हात थरथरतात आपले. आणि मानेमागचं लेबल आधीच कापून टाका. माझ्या लेकाच्या मानेवर लाल चट्टा उठला, दोन दिवस सगळे पावडरला दोष देत होते, निघालं लेबल!

डायपरचं एकच छोटं पॅक, बास. पाळणा आधीच आणायची घाई नको. राईची उशी कोणीतरी प्रेमाने शिवून आणतंच, घ्या आणि कपाटात ठेवा, बाळाला सपाट गादीवर पाठीवरच झोपवायचं, उशी नको. शेक-धुरीची शेगडी पण तशीच, दारंखिडक्या लावून कोळसे पेटवलेल्या खोलीत बाळ बाळंतीण ठेवायची नाही, यावर मी घरात जरा आवाज चढवला होता.

गुटीचा डबा आणि सहाण येणारच. त्यावर वाद घालू नका, माळ्यावर ठेवा. पहिले 6 महिने फक्त आईचं दूध, वरचं पाणीसुद्धा नाही, पहिला घट्ट पिवळा चीक तर अजिबात पिळून टाकायचा नाही. मध वर्षभर चाटवायचा नाही, काजळ नको. व्हिटॅमिन डीचे थेंब डॉक्टर लिहून देतात, साधारण रोज 400 युनिट, ते मात्र विसरू नका. नाळेला हळद तेल राख काहीच लावायचं नाही, कोरडी ठेवायची, लंगोट तिच्या खाली दुमडायचा, एकदोन आठवड्यांत आपोआप पडते.

डिजिटल थर्मामीटर आणा आणि चालू करून बघा, आमचा रात्री दोनला बंद निघाला. ताप 100.4 फॅरनहाइट किंवा वर गेला, बाळ दूध ओढेना, श्वास घेताना छाती आत जायला लागली, पिवळेपणा तळपायापर्यंत उतरला, तर सकाळची वाट बघायची नाही. डॉक्टरांचा नंबर आणि 108 फ्रीजवर चिकटवा. आठवडाभराने दिवसाला सहा तरी लंगोट ओले होत असतील तर दूध पुरतंय, उगाच पावडरच्या दुधाचा डबा आणू नका.

कागदांची एक पिशवी वेगळी करा. माता-बाल कार्ड, डिस्चार्जचा कागद, जन्मलसींची नोंद (बीसीजी, पोलिओचा शून्य डोस, हिपॅटायटिस बी), पुढची लस दीड महिन्याला. जन्मनोंदणी 21 दिवसांत होते, हॉस्पिटलनेच पाठवली का ते विचारून घ्या. आशाताई घरी येतात त्यांना वजन करायला सांगा, पहिल्या आठवड्यात थोडं उतरतं, घाबरू नका.

आणि डिंकाच्या लाडवांचा डबा स्वयंपाकघरात नाही, उशाशी ठेवा, रात्री तीनला पाजून झालं की अशी भूक लागते ना, आणि त्या वेळी कोणाला उठवायला जीव होत नाही.