मनातलं न बोलणारा सीन कसा लिहावा

पात्राचा आवडता रंग, शाळा, जन्मतारीख अशी पन्नास प्रश्नांची यादी भरायला सांगणाऱ्यांचं ऐकू नका. मी तशा वह्याच्या वह्या भरल्या, त्यातली ओळही पडद्यावर आली नाही. दोनच गोष्टी ठरवा: या माणसाला समोरच्याकडून आज काय हवंय, आणि ते मागायला त्याची जीभ का रेटत नाही.

जागा एक, वेळ सलग, माणसं दोन. तिसरं आलं की सभा होते.

आता संवाद. इथे मी वर्षं घालवली. वडील गेल्यावर भाऊ-बहीण त्यांचं कपाट आवरतायत, असा माझा एक सीन होता. बहिणीच्या मनात एकच, ‘शेवटी तू नव्हतास.’ पहिल्या खर्ड्यात तिने ते चार पानं सांगितलं, रडत, आठवणी काढत. वाचनाला आलेली अभिनेत्री म्हणाली, “सगळं तुम्हीच बोललात, मग मी काय करू?” राग आला. पण बाईचं खरं होतं.

तेव्हापासून ते खरं वाक्य मी आधी बिनधास्त लिहून टाकतो, हवं तेवढं भडक. मग ते वेगळ्या कागदावर काढतो आणि सीनमध्ये त्याला बंदी. पुढे पात्रांच्या हाताला काम द्यायचं. खिडकीबाहेर बघणं, पेल्यात चमचा फिरवणं हे काम नव्हे, वेळकाढूपणा आहे. काम असं हवं, की करता करता ते न बोललेलं वाक्य पायात यावं. माझ्या भावाला गोळ्यांची डबी सापडली, सात वारांचे सात कप्पे.

“गुरुवारच्या तशाच आहेत.”
“नको म्हणाले.”
“मग तू काय केलंस?”
“झाकण लावलं.”

भाऊ आलाय शुक्रवारी. पुढे तो काय विचारणार?

इथे एक समजावणारी ओळ घालायची खाज सुटते, “तुला काय माहीत मी एकटीने कसं...” मी ती तीनदा लिहिली, तीनदा खोडली. 1920 च्या आसपास रशियात लेव्ह कुलेशोव या दिग्दर्शकाने एका नटाचा तोच निर्विकार चेहरा वेगवेगळ्या दृश्यांना जोडून दाखवला. प्रेक्षकांना त्यात कधी भूक दिसली, कधी दुःख, असं सांगतात. डबीनंतर बहिणीचा चेहरा आला की पुरे. कंसातलं ‘डोळे पाणावून’सुद्धा काढा, नटांना ते आवडत नाही, आणि बरोबरच आहे.

शेवटी घड्याळ लावून, हालचाली करत सीन वाचा. पटकथेच्या एका पानाला पडद्यावर एक मिनिट हा नेहमीचा हिशेब अशा सीनला लागू पडत नाही. माझं पाऊण पान तीन मिनिटं चाललं. दिग्दर्शकाला हे आधीच सांगा, नाहीतर शूटिंगच्या दिवशी पहिली कात्री त्या शांततेलाच लागते.