बालकलाकाराने मोठेपणी पुन्हा कसे उभे राहावे

लहानपणी चित्रपटांत किंवा मालिकांत काम केले असेल, तर अठरा वर्षे पूर्ण होताच आधी पैशांचा हिशोब लावावा. बालकामगारविषयक केंद्रीय नियमांत २०१७ साली झालेल्या दुरुस्तीनुसार, बालकलाकाराच्या उत्पन्नापैकी किमान २० टक्के रक्कम राष्ट्रीयीकृत बँकेत त्याच्या नावे मुदत ठेवीत थेट जमा होणे बंधनकारक आहे. त्यामुळे त्यानंतर केलेल्या कामांची करारपत्रे आणि ठेवींच्या पावत्या आईवडिलांकडून मागून घ्याव्यात. घरातल्या माणसांकडे असा हिशोब मागणे अवघड वाटते, परंतु काम नसलेल्या महिन्यांत घरभाडे याच पैशांतून निघू शकते.

खरी कसोटी आवाज फुटल्यानंतरच्या वर्षांची असते. चेहरा गोंडस राहिलेला नसतो आणि नायकाचाही झालेला नसतो, तेव्हा मिळेल ती किरकोळ भूमिका धरून ठेवण्यापेक्षा महाविद्यालयात जाऊन नाटक करावे, असे माझे स्पष्ट मत आहे. कॅमेऱ्यासमोर तुकड्यातुकड्यांनी काम केलेल्या मुलाला सलग तासभर रंगमंचावर उभे राहण्याची सवय नसते, आणि पुरुषोत्तम करंडकासारख्या एकांकिका स्पर्धेच्या तालमींत, जिथे त्याच्या जुन्या प्रसिद्धीचे कुणालाच अप्रूप नसते, ती सवय बरोबर लागते. पदवी मात्र अर्धवट सोडू नये. दिल्लीच्या राष्ट्रीय नाट्य विद्यालयाच्या किंवा पुण्याच्या एफटीआयआय या चित्रपट प्रशिक्षण संस्थेच्या अभिनय अभ्यासक्रमाला जायचे मनात आले, तर ती लागते.

पुनरागमन पहिल्याच फटक्यात मोठे व्हावे, हा हट्टही सोडावा. उर्मिला मातोंडकर १९८० च्या ‘झाकोळ’ आणि १९८३ च्या ‘मासूम’मध्ये बालकलाकार होत्या. मोठेपणी त्यांनी १९८९ साली ‘चाणक्यन’ हा मल्याळम चित्रपट केला, १९९१ साली ‘नरसिम्हा’ केला, आणि त्यांना आघाडीची नायिका करणारा ‘रंगीला’ आला तो १९९५ साली. सचिन पिळगावकर यांची वाट निराळी. १९६३ च्या ‘हा माझा मार्ग एकला’मधला हा मुलगा १९७५ साली ‘गीत गाता चल’चा नायक झाला खरा, पण तेवढ्यावर विसंबून न राहता १९८२ च्या ‘माय बाप’पासून तो दिग्दर्शनाकडे वळला. म्हणून सेटवर असताना संकलन, ध्वनी, पटकथा यांपैकी ज्याकडे ओढा असेल, त्या विभागात काही महिने साहाय्यक म्हणून राबावे.

ऑडिशनला जाताना छायाचित्रे गेल्या सहा महिन्यांतली असावीत आणि शोरीलमध्ये, म्हणजे आपल्या कामाच्या निवडक दृश्यांच्या चित्रफितीत, बालपणीचे एकही दृश्य नसावे. परिचय देताना सध्याचे वय, उंची, येणाऱ्या भाषा आणि अलीकडचे नाटक एवढेच सांगावे. जुन्या भूमिकेची आठवण समोरच्याने काढली, तर हसून ‘हो, तो मीच’ म्हणावे आणि हातातल्या संवादाकडे वळावे.