प्रकाश खाणारा स्फटिकजीव लिहिताय? या चुका टाळा

विज्ञानकथेच्या कार्यशाळांसाठी मी गेली काही वर्षं नवोदितांच्या कथा वाचते. दर खेपेला दोन-तीन कथांत तरी परग्रहावरचा, उजेडावर जगणारा स्फटिकजीव भेटतोच. कल्पना मला मनापासून आवडते. म्हणूनच ती त्याच त्या चुकांनी वाया गेलेली बघवत नाही.

सगळ्यात जास्त दिसणारी चूक म्हणजे स्फटिक पाण्यासारखा नितळ असतो आणि तरी प्रकाश खातो. माझ्या टेबलावर अजिंठ्याच्या पायथ्याशी घेतलेला ॲपोफिलाइटचा खडा आहे. आपल्या दख्खनच्या काळ्या पाषाणातल्या पोकळ्यांत असे खडे सापडतात. खिडकीशी धरला की उजेड त्यातून सरळ पलीकडे जातो आणि माझ्या तळहातावर पडतो. म्हणजे खड्याच्या पोटात काय राहिलं? जवळजवळ काहीच नाही. आरपार गेलेला प्रकाश खाल्लेला नसतो, आणि परतवलेला प्रकाशही खाल्लेला नसतो. पान हिरवं दिसतं ते हिरव्या प्रकाशातला काही भाग परत पाठवतं म्हणून. सौरपट्ट्या काळपट असतात त्या जवळजवळ काहीच परत पाठवत नाहीत म्हणून. भुकेला स्फटिक काळाच हवा. चमक हवीच असेल तर तिला काम द्या : ऊन सोसवेनासं झालं की जास्तीचा प्रकाश परतवायला तो चकाकू दे.

'क्वांटम ऊर्जा' हा शब्द दिसला की मी त्याखाली रेघ मारते. तो आला की लेखकाने विचार करणं थांबवलेलं असतं.

दुसरी चूक, जिच्यावर मी सगळ्यांना कागद-पेन्सिल घेऊन बसवते : स्फटिक माणसाचा पाठलाग करतो. पृथ्वीच्या अंतरावर सूर्याकडून दर चौरस मीटरला सुमारे १३६१ वॅट येतात. वातावरण, ढग आणि रात्र वजा जाता जमिनीवर सरासरी दोनशेच्या आसपास उरतात. शेतातलं चांगलं पीक त्यातला एक-दोन टक्के साठवतं. दोन धरले तरी चौरस मीटरमागे चार वॅट. नुसत्या बसलेल्या माणसाला साधारण १०० वॅट लागतात. म्हणजे आपल्याएवढ्या देहाला उजेडावर फक्त बसून राहायचं असेल तरी पंचवीस चौरस मीटर पानं हवीत, चांगल्या दोन खोल्यांएवढी. आपली सगळी कातडी पसरली तर जेमतेम दोन चौरस मीटर भरते. झाडं पळत नाहीत ते उगाच नाही. हा हिशेब सांगितला की नवे लेखक हिरमुसतात, 'आमचा जीव फार कार्यक्षम आहे' म्हणतात. चला, दहापट कार्यक्षम धरू. तरी तो बसलेलाच आहे. मी स्वतः कथा लिहिण्याआधी अशा जीवाच्या एका दिवसाचा जमाखर्च मांडते. तो वर्षभर साठवून एकदाच हलणार असेल तर ते हलणं कथेत केवढं मोठं होतं!

प्रकाशातून ऊर्जा मिळते, वस्तुमान नव्हे. सतराव्या शतकात फान हेल्मोंट या रसायनतज्ज्ञाने कुंडीत विलो लावून पाच वर्षं फक्त पाणी घातलं. झाड सत्तरेक किलोंनी वाढलं, माती जेमतेम साठेक ग्रॅम कमी झाली. त्याने श्रेय पाण्याला दिलं. हवेतल्या कार्बनचा वाटा पुढे कळला. तुमचा स्फटिक वाढतो तर माल कुठून आणतो, हे एका वाक्यात का होईना, सांगा. आपले डायटम, म्हणजे पाण्यातली सूक्ष्म शैवालं, पाण्यात विरघळलेल्या सिलिकापासूनच काचेची घरं बांधतात. नमुना समोर आहे.

वाढणं म्हणजे जगणंही नव्हे. खडीसाखर दोऱ्यावर वाढते, म्हणून ती जिवंत होत नाही. निर्दोष स्फटिकात एकच नक्षी पुन्हा पुन्हा येते. त्यात पिल्लांना देण्यासारखं काही लिहिता येत नाही. केर्न्स-स्मिथ या रसायनतज्ज्ञाने १९६६ मध्ये मातीच्या स्फटिकांतले दोष हाच पहिला वारसा असावा असं मांडलं होतं. ते सिद्ध झालेलं नाही, पण लेखकाला त्यात सोनं आहे : जीव स्फटिकात शोधू नका, त्याच्या वैगुण्यात शोधा.

आता माझी स्वतःची चूक. प्रॉक्सिमा बी हा ग्रह २०१६ मध्ये सापडला, आपल्यापासून सव्वाचार प्रकाशवर्षांवर. त्याचं वर्ष अकरा दिवसांचं. त्याचा तारा लाल खुजा, म्हणजे सूर्याहून लहान आणि मंद. अशा ताऱ्याच्या इतक्या जवळचा ग्रह बहुधा एकच बाजू ताऱ्याकडे ठेवून फिरतो. मी तसाच ग्रह घेतला, हे पहिल्या पानावर नीट समजावलं आणि तिसऱ्या पानावर लिहिलं, 'पहाट झाली, स्फटिकांनी पाकळ्या उघडल्या.' कथा छापून आली. एका शाळेत ती वाचून दाखवली तेव्हा आठवीतली मुलगी उठून म्हणाली, "बाई, तिथे सूर्य हलतच नाही ना? मग पहाट कशी होते?" माझ्याकडे उत्तर नव्हतं. पहाट मी पृथ्वीवरून सवयीने उचलून नेली होती.

तेव्हापासून ग्रहाचा दिवस, ताऱ्याचा रंग आणि सूर्याची आकाशातली जागा मी एका पुठ्ठ्यावर लिहून समोर टांगते. लाल खुजा तारा असेल तर बराचसा उजेड अवरक्त, डोळ्यांना न दिसणारा, हेही त्यावर असतं.

ती कथा मी पुन्हा लिहिली. सूर्य हलत नाही म्हणजे सावलीही हलत नाही. एक स्फटिक वीतभर उंच वाढला की त्याच्या मागचा शेजारी कायमचा अंधारात जातो. नव्या कथेत तो शेजारी आहे, आणि सावलीची कड त्याच्या पायाशी येऊन पोचलेली आहे.