शुगर ग्लायडरची नखं कापण्याआधी

सगळ्यात आधी नखं कापायची खरंच गरज आहे का ते बघा. शुगर ग्लायडर हा ऑस्ट्रेलिया आणि न्यू गिनीच्या झाडांवरचा प्राणी. एका झाडावरून तरंगत येऊन दुसऱ्या खोडाला चिकटतो तो या अणकुचीदार नखांच्याच जोरावर. त्यामुळे नखं बोचतात एवढ्यावरून कात्री उचलू नका. झोपायच्या पिशवीत पाय अडकू लागला, किंवा तुमच्या टी-शर्टमधून नख सुटता सुटेना, की वेळ झाली.

ही वेळ दुपारची धरा, कारण तेव्हा तो गाढ झोपेत असतो. तो झोपलेला असतानाच खोलीची दारं-खिडक्या लावा, कुत्रं-मांजर बाहेर काढा आणि छताचा पंखा बंद करा. पंख्याचं विसरूच नका. हातातून निसटला तर तो थेट उंचावर झेप घेतो.

सामानही आधीच हाताशी मांडा: तान्ह्या बाळाचं धारदार नेलकटर, चांगला उजेड देणारा दिवा, फ्लीसच्या मऊ कापडाचा तुकडा (टर्किश टॉवेल नको, त्यात नखं गुंततात), वाटीत थोडं कॉर्नफ्लोअर आणि चाटायला बोटभर मध किंवा गोड न केलेलं दही. घरातलं एक माणूसही मदतीला हवंच. एकाने धरायचं, दुसऱ्याने कापायचं.

कोणती नखं कापायची हे मनात पक्कं असू द्या. पुढच्या पंजांना पाच-पाच नखं असतात. मागच्या पायाच्या अंगठ्याला नखच नसतं, आणि त्याच्या शेजारची दोन बोटं एकमेकांना जोडलेली असतात. त्या जोडबोटांनी तो अंगावरचे केस विंचरतो. तिथली नखं तशीच राहू द्या. म्हणजे उरतात एकूण 14.

धरताना फ्लीसमध्ये सैल गुंडाळा आणि एकच पाय बाहेर काढा. छातीवर दाब नको, शेपटी तर धरायचीच नाही. पुढच्या पायापासून मागच्या पायापर्यंत कातडीचा पातळ पडदा असतो, तो कटरखाली येत नाही ना, हे प्रत्येक वेळी पाहा. नख उजेडात धरलं की आतली गुलाबी शीर दिसते. तिच्या बरंच अलीकडे, फक्त आकड्यासारखं वळलेलं टोक उडवा. शंका आली तर कमीच कापा.

रक्त आलंच तर चिमूटभर कॉर्नफ्लोअर बोटाने दाबून धरा. तुरटी झोंबते, ती नको. शे-सव्वाशे ग्रॅमच्या जिवात रक्त ते किती असणार. पाच-दहा मिनिटांत थांबलं नाही तर डॉक्टरांकडे न्या. सगळे पशुवैद्य हा प्राणी तपासत नाहीत, म्हणून तपासणाऱ्याचा नंबर आधीच शोधून ठेवा.

मादीच्या पोटपिशवीत पिल्लू असेल तर हे काम पुढे ढकला. एरवीही तो सारखा किरकिरत ओरडू लागला तर दोन-तीन नखांवर थांबा, मध चाटू द्या आणि झोपायच्या पिशवीत परत सोडा, बाकीची उद्या.