अनेक प्रतिवादींच्या दाव्यातील एकतर्फी हुकूमनामा : रद्द करण्याच्या अर्जापूर्वीची तयारी

नागपुरातील खसऱ्याच्या जमिनींचे, लेआउटमधील भूखंडांचे आणि महाल-इतवारीतील वडिलोपार्जित घरांचे दावे सहसा एकट्या माणसाविरुद्ध नसतात. भाऊ, सासरी गेलेल्या बहिणी, मृत भावाचे वारस, मधला खरेदीदार असे सगळेच त्यात प्रतिवादी असतात. अशा दाव्यात एकतर्फी हुकूमनामा, म्हणजे प्रतिवादी गैरहजर असताना दिलेला निर्णय, झाला की तो रद्द करण्यासाठी सर्वांच्या वतीने एकच अर्ज आणि त्यात एकच कारण लिहून देण्याची घाई होते, आणि अर्ज नेमका तिथेच कमकुवत होतो. दिवाणी प्रक्रिया संहिता, १९०८ मधील आदेश ९, नियम १३ खाली न्यायालय प्रत्येक प्रतिवादीपुरते वेगळे पाहते की त्याच्यावर समन्सची रीतसर बजावणी झाली होती का, आणि झाली असल्यास सुनावणीच्या दिवशी गैरहजर राहण्यास त्याला पुरेसे कारण होते का. म्हणून तयारीही प्रतिवादीगणिक वेगळीच करावी लागते.

सर्वप्रथम मूळ दाव्याच्या अभिलेखाची तपासणी करून घ्यावी. अर्ज हुकूमनामा करणाऱ्या न्यायालयातच द्यावयाचा असल्याने दावा सिव्हिल लाइन्समधील न्यायालयात चालला की काटोल, उमरेड, रामटेकसारख्या तालुक्याच्या ठिकाणी, हे आधी निश्चित करावे. ई-कोर्ट्स या न्यायालयांच्या संकेतस्थळावर तारखा दिसतात, परंतु तेवढ्यावर विसंबू नये. संपूर्ण रोजनामा (प्रत्येक तारखेच्या कामकाजाची नोंद), प्रत्येक समन्सवरील बेलीफाचा (समन्स बजावणाऱ्या न्यायालयीन कर्मचाऱ्याचा) अहवाल, टपालाच्या पोचपावत्या, वकालतनामे आणि वकिलांनी दिलेल्या पुरसिस (न्यायालयाला दिलेली लेखी निवेदने) प्रत्यक्ष वाचून, कोणावर कधी व कशी बजावणी झाली आणि कोणाविरुद्ध कोणत्या तारखेला एकतर्फी आदेश झाला, याचा तक्ता तयार करावा.

हा तक्ता भरताना त्याच संहितेतील समन्सविषयीचा आदेश ५ समोर ठेवावा. नियम १५ प्रमाणे समन्स कुटुंबातील प्रौढ व्यक्तीला देता येते ते प्रतिवादी घरी नसेल, वाजवी मुदतीत भेटण्याची शक्यता नसेल आणि ती व्यक्ती त्याच्यासोबत राहत असेल तर. नोकर त्या अर्थाने कुटुंबीय ठरत नाही. त्यामुळे वर्ध्याला सासरी राहणाऱ्या बहिणीचे समन्स महालातल्या भावाने सही करून घेतले असेल, तर तिची बाजू भावाच्या बाजूहून पुष्कळ भक्कम असते. दारावर समन्स चिकटवले असल्यास घर कोणी दाखवले आणि कोणासमक्ष चिकटवले याची नोंद अहवालात आहे का, हे बघावे. मात्र त्या बहिणीला एक प्रश्न स्पष्टपणे विचारलाच पाहिजे : तारीख आपल्याला अन्य मार्गाने कळली होती का? सुनावणीची तारीख ठाऊक होती आणि हजर होण्यास पुरेसा अवधी होता असे दिसले, तर केवळ बजावणीतील अनियमिततेवरून हुकूमनामा रद्द होत नाही. हे उत्तर उलटतपासात बाहेर येण्यापेक्षा आपल्याला आधी माहीत असलेले बरे.

मुदतीचा हिशेब सर्वांत जपून करावा, कारण एकाच हुकूमनाम्यावर प्रत्येकाची मुदत वेगळी असू शकते. मुदत अधिनियम, १९६३ च्या अनुच्छेद १२३ प्रमाणे ३० दिवस मिळतात. ज्याच्यावर रीतसर बजावणी झाली, किंवा जो एकदा हजर होऊन पुढे गैरहजर राहिला, त्याचे दिवस हुकूमनाम्याच्या तारखेपासून मोजले जातात. ज्याच्यावर रीतसर बजावणी झालीच नाही, त्याचे दिवस हुकूमनामा कळल्यापासून. वर्तमानपत्रातील जाहीर समन्ससारखी पर्यायी बजावणी या अनुच्छेदापुरती रीतसर मानली जात नाही. नक्कल मिळण्यात गेलेले दिवस अपिलाच्या मुदतीतून वगळले जातात तसे या अर्जात वगळले जात नाहीत, त्यामुळे नक्कल हाती येईपर्यंत थांबणे धोक्याचे आहे. उशीर झालाच असेल तर मुदत अधिनियमाच्या कलम ५ खालचा विलंबमाफीचा अर्जही प्रत्येकाच्या स्वतःच्या कारणासह आणि स्वतःच्या शपथपत्रासह जोडावा.

त्यानंतर हुकूमनाम्याचे स्वरूप पाहावे. आदेश ९, नियम १३ च्या पहिल्या परंतुकाप्रमाणे (नियमाला जोडलेल्या अटीप्रमाणे) हुकूमनामा केवळ अर्जदारापुरता रद्द होऊ शकत नसेल, तर न्यायालय तो इतर सर्व किंवा काही प्रतिवादींविरुद्धही रद्द करू शकते. वाटणीच्या हुकूमनाम्यात एकाचा हिस्सा बदलला की सर्वांचे हिस्से बदलतात, म्हणून तिथे हा मुद्दा सहज मांडता येतो. उलट, प्रत्येकाची रक्कम स्वतंत्रपणे ठरवणारा वसुलीचा हुकूमनामा बहुधा अर्जदारापुरताच रद्द होतो. परंतुकाचा लाभ हवा असल्यास अर्जात तशी स्पष्ट मागणी करावी, वादीबरोबर उरलेल्या सर्व प्रतिवादींनाही सामनेवाले करावे आणि मयतांच्या वारसांचे पत्ते आधीच गोळा करावेत, कारण नियम १४ प्रमाणे विरुद्ध पक्षाला नोटीस दिल्याशिवाय हुकूमनामा रद्द करता येत नाही. भावंडांचे हितसंबंध परस्परविरोधी असतील तर एकाच वकिलाने सर्वांचे वकालतनामे घेऊ नयेत, असे माझे ठाम मत आहे.

सहप्रतिवादीने अपील केले आहे का, याची चौकशी जिल्हा न्यायालयात आणि उच्च न्यायालयाच्या नागपूर खंडपीठात करावी. अर्जदाराचे स्वतःचे अपील मागे घेण्याखेरीज अन्य कारणाने निकाली निघाले असेल, तर नियम १३ च्या स्पष्टीकरणान्वये अर्ज चालत नाही. सहप्रतिवादीच्या अपिलात मूळ हुकूमनामा विलीन झाला, म्हणजे अपिलातील निर्णयाने त्याची जागा घेतली, असल्यास अर्ज टिकतो का, यावरच वाद उभा राहतो.

नुसता अर्ज दाखल केल्याने दरखास्त, म्हणजे हुकूमनाम्याच्या अंमलबजावणीची कार्यवाही, थांबत नाही. स्थगितीचा वेगळा अर्ज त्याच दिवशी द्यावा, आणि एखाद्याचा ताबा आधीच गेला असेल तर हुकूमनामा रद्द झाल्यावर दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम १४४ खाली ताबा परत मागण्यासाठी ताबा वॉरंट व पंचनाम्याच्या नकला काढून ठेवाव्यात. लेखी जबाबाचा मसुदाही तयार असावा. न्यायालय खर्च किंवा रक्कम भरण्याची अट घालू शकते, तेव्हा कोणी किती भरायचे हे प्रतिवादींनी आपसात आधीच ठरवावे. प्रांतिक लघुवाद न्यायालय अधिनियम, १८८७ लागू असलेल्या दाव्यात कलम १७ प्रमाणे अर्ज देतानाच हुकूमनाम्याची रक्कम भरावी लागते किंवा न्यायालयाच्या पूर्वपरवानगीने तारण द्यावे लागते. अर्ज फेटाळला गेल्यास आदेश ४३, नियम १(ड) खाली अपील करता येते, आणि ते जिल्हा न्यायालयात असल्यास त्याची मुदत ३० दिवसांची आहे.